‘उसकी रोटी’चा हिशेब

१९८३ च्या पावसाळ्यात आमच्या बेळगावच्या फिल्म सोसायटीनं मणी कौलचा ‘उसकी रोटी’ दाखवला. खेळ सुरू झाला तेव्हा शाळेच्या त्या हॉलात सत्तरएक माणसं होती. दिवे लागले तेव्हा अकरा. खुर्च्या मोजून परत लावायचं काम माझ्याकडे असल्यामुळे हा आकडा पक्का आहे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडून सोळा मिलिमीटरच्या प्रती पत्र्याच्या डब्यांतून यायच्या, त्या वेळेवर परत पाठवायच्या, प्रोजेक्टर कुणाकडून तरी मागून आणायचा, असा तो कारभार होता. त्या दिवशी बाहेर पाऊस असूनही लोक छत्र्या उघडून निघून गेले, यावरून काय ते समजा.

सिनेमाची गोष्ट दोन ओळींची. पंजाबातल्या एका खेड्यात बालो नावाची बाई नवऱ्यासाठी रोटी घेऊन बसथांब्यावर उभी असते. नवरा बसचा ड्रायव्हर, आठवड्यातून एकदा घरी येणारा. एके दिवशी तिला उशीर होतो, तो रागानं निघून जातो आणि ती वाट पाहत राहते. मोहन राकेश यांच्या कथेवरचा हा सिनेमा. आमच्या सभासदांत एसटीतून निवृत्त झालेले एक कंट्रोलर होते. ते उठून जाताना मला म्हणाले, “एवढ्या वेळात कोल्हापूरची गाडी जाऊन परत आली असती की हो!”

ते खोटं बोलत नव्हते. त्यात कुणी घाईनं बोलत नाही, कुणी रडत नाही. कणीक मळणारे हात दिसतात ते दिसतच राहतात. पात्रं वाक्य बोलतात ती जणू कागदावरून वाचल्यासारखी. पुढे वाचनात आलं की हे सगळं ठरवून केलेलं होतं. कौलनं या सिनेमात दोनच भिंगं वापरली, एक २८ मिलिमीटरचं आणि एक १३५ चं. एकात सगळं दूरपर्यंत स्पष्ट, दुसऱ्यात नेमकी एकच गोष्ट स्पष्ट आणि बाकी धूसर. बाईसमोर खरोखर काय आहे आणि तिच्या मनात काय आहे, हा भेद आधी भिंगांवर सोपवायचा आणि पुढे तो हळूहळू मोडत न्यायचा, असा त्याचा बेत. अमृता शेरगिलच्या चित्रांतल्या स्थिर बसलेल्या बायका आणि फ्रेंच दिग्दर्शक रॉबेर ब्रेसाँ हे त्याचे आदर्श. त्या पावसाळी संध्याकाळी मला यातलं काही ठाऊक नव्हतं. पण रात्री जेवताना आईचे भाकरी थापणारे हात मी पहिल्यांदा नीट पाहिले, एवढं आठवतं.

त्यानंतर या माणसाचा मी जमेल तसा पाठपुरावा केला. मणी कौल, मूळ नाव रवींद्रनाथ, काश्मिरी पंडित घराण्यातला, जन्म जोधपूरचा, २५ डिसेंबर १९४४ चा. चुलता महेश कौल हिंदी सिनेमातला नावाजलेला दिग्दर्शक. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटक यांच्या हाताखाली शिकला. कुमार शहानीही त्याच हाताखालचा. घटक गुरू आणि ब्रेसाँ आदर्श, म्हणजे एकीकडे आवेगाचा लोंढा आणि दुसरीकडे कडक मौन. हे दोन टोकांचे वारसे एकाच माणसात कसे राहिले हे कोडं मला अजून सुटलेलं नाही.

हे सारं माझ्यापुरतं राहिलं असतं. पण २०२२ साली माझी पुतणी बेंगळुरूच्या कंपनीतली नोकरी सोडून घरी आली आणि म्हणाली, “मी सिनेमा करणार. गाण्याबिण्याचा नव्हे. काका दाखवायचे तसला.”

घरात जे व्हायचं ते झालं. वहिनींनी दोन दिवस माझ्याशी बोलणं टाकलं. माझा धाकटा भाऊ मात्र ओरडला नाही. त्यानं आयुष्यभर एका पतसंस्थेत हिशेब तपासले आहेत. त्याचा राग कागदावर उतरतो. अनगोळला त्याचा दोन गुंठ्यांचा एक तुकडा आहे, मुलीच्या लग्नासाठी म्हणून ठेवलेला. मुलगी तोच विकायला सांगत होती. रविवारी सकाळी तो लांब वही घेऊन माझ्याकडे आला आणि समोर बसला. “तुझा तो मणी कौल. एक-एक सिनेमा सांग. कुठल्या साली, आणि पैसे कोण दिलं त्याला?”

इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. आमच्या सोसायटीत शैलीवर चर्चा व्हायच्या, आशयावर भांडणं व्हायची. पैसे कोण दिलं, हे विचारणं आम्ही हलकेपणाचं मानायचो. आता वाटतं, त्या जातीच्या सिनेमाबद्दल तोच सर्वांत कामाचा प्रश्न होता.

‘उसकी रोटी’ला पैसे दिले ते सरकारी फिल्म फायनान्स कॉर्पोरेशननं. १९६० साली निघालेलं हे महामंडळ १९६०च्या दशकाच्या शेवटी नव्या लोकांना छोटी कर्जं देऊ लागलं. मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’ आणि ‘उसकी रोटी’ दोन्ही १९६९ चे, दोन्हींचा कॅमेरा के. के. महाजनांचा. ‘भुवन शोम’ लोकांनी पाहिला. ‘उसकी रोटी’ला धड थिएटर मिळालं नाही, फिल्मफेअरचा समीक्षक पुरस्कार मात्र मिळाला. सरकारचा पैसा असल्या न चालणाऱ्या सिनेमांवर का घालवता, अशी ओरड झाली आणि १९७६ मध्ये संसदेच्या समितीनंही महामंडळाला त्याबद्दल फटकारलं. भावानं लिहून घेतलं आणि समासात बारीक अक्षरात ‘थकबाकी’ असा शब्द टाकला.

‘आषाढ का एक दिन’ (१९७१) पुन्हा मोहन राकेशांचाच. त्यावर फार बोललो नाही. मग आला ‘दुविधा’, १९७३. इथे पैसे सरकारचे नव्हते, मदतीला आला तो एक चित्रकार, अकबर पदमसी. त्या सुमारास मुंबईत पदमसींनी चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले अशांनी एकत्र काम करावं म्हणून एक कार्यशाळा चालवली होती आणि कौल तिथं होता. गोष्ट राजस्थानी लेखक विजयदान देथा यांची, चित्रीकरण त्यांच्याच बोरुंदा गावात, सोळा मिलिमीटरवर. नंतर ते वाढवून पस्तीसवर नेलं. नववधू झाली ती पदमसींची मुलगी राईसा. नवरोज काँट्रॅक्टर यांनी टिपलेला तो लाल-पांढऱ्या रंगांचा उन्हाळा मी विसरू शकत नाही. लग्न होऊन परतताना वरातीतल्या वधूवर वडाच्या झाडावरचं भूत भाळतं. नवरा तर हिशेबाच्या नादात, व्यापारासाठी पाच वर्षं परदेशी निघून जातो. भूत त्याचं रूप घेऊन घरी येतं आणि तिला मात्र खरं सांगून टाकतं. पुढे खरा नवरा परततो. गाव न्याय करतं. बाईला काय हवं होतं, हे कुणी विचारत नाही.

“नवरा हिशेब लिहीत होता?” भावानं विचारलं.

“वरातीच्या गाडीतसुद्धा.”

तो काही बोलला नाही. पुतणी दाराआड उभी राहून हसत होती हे मला दिसत होतं.

‘दुविधा’ला दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तरी थिएटर नाहीच. याच कथेवर २००५ साली अमोल पालेकरांनी शाहरुख खानला घेऊन ‘पहेली’ काढला, तो गावोगाव लागला आणि भारतातर्फे ऑस्करला गेला. पालेकरांचा सिनेमा वाईट नाही. देखणा आहे, बाईची बाजूही तो मोकळेपणानं घेतो. पण त्यात भूत गोड आहे. ‘दुविधा’तलं भूत गोड नाही, ते नुसतं खरं बोलणारं आहे, आणि माझ्या मते गोष्टीची धार तिथंच आहे.

‘घाशीराम कोतवाल’ या नावावर भाऊ सावरून बसला. नाटक आम्ही दोघांनी पाहिलं होतं. नाना फडणवीस म्हणजे मोहन आगाशे आणि ती माणसांची झुलती भिंत, हे त्यालाही पाठ. सिनेमा मात्र त्यानं ऐकलाही नव्हता. १९७६ साली, आणीबाणीच्या दिवसांत, फिल्म इन्स्टिट्यूटमधून नुकत्याच बाहेर पडलेल्या मुलांनी ‘युक्त’ नावाची सहकारी संस्था काढली आणि हा मराठी सिनेमा केला. दिग्दर्शक म्हणून चार नावं: के. हरिहरन, मणी कौल, सईद मिर्झा, कमल स्वरूप. पटकथा तेंडुलकरांचीच, नाना आगाशेच, आणि घाशीराम ओम पुरी, ज्याला तेव्हा फारसं कुणी ओळखत नव्हतं.

“सहकारी संस्था?” भावाचा चेहरा उजळला. “म्हणजे सभासद, भाग, वार्षिक सभा, ऑडिट... सगळं आलं की! सिनेमावाल्यांनी?”

त्याला पुढचं सांगावंच लागलं. संस्थेचा पसारा पुढे वाढला नाही, सिनेमा कुठे गडप झाला ते आपल्याकडे कुणाला ठाऊक नव्हतं. बर्लिनच्या आर्सेनल या संस्थेनं आपल्याकडची प्रत जपली होती, तिच्यावरून तो पुन्हा पाहण्याजोगा झाला. पेशव्यांच्या पुण्यावरचा मराठी सिनेमा जर्मनीत टिकला. मी तो पाहिला तेव्हा, खरं सांगतो, मला नाटकाची लय हवीहवीशी वाटत राहिली. नाटक नाचतं, सिनेमा चालतो. कधीकधी उभाच राहतो. नाटक डोक्यातून काढून टाकल्याशिवाय तो पाहता येत नाही, आणि आपल्या पिढीच्या मराठी माणसाला ते जमणं कठीण आहे.

पण मला पुतणीला आणि भावाला, दोघांनाही, सांगायचं होतं ते त्यानंतरच्या एका छोट्या फिल्मबद्दल. १९७७ ची ‘चित्रकथी’. ती आपल्या पायाशीच झालेली आहे. आंबोलीचा घाट उतरून सावंतवाडी ओलांडली की कुडाळजवळ पिंगुळी. तिथले ठाकर समाजाचे लोक कागदावर रंगवलेल्या चित्रांची पोथी समोर ठेवून रामायण-महाभारतातली आख्यानं गातात. आमची आजी सावंतवाडीची. देवळातल्या या गाण्याबद्दल ती सांगायची: एक चित्र लावलं की कितीतरी वेळ तेच. राम तसाच उभा, सीता तशीच उभी, आणि गाणारा मात्र कुठून कुठे जाऊन येतो. मग तो चित्र उलटतो. पोरं कंटाळत नसत, कारण चित्र हलत नसलं तरी आवाज ते हलवत असे.

आता ‘उसकी रोटी’तली बसथांब्यावरची बाई आठवा. आमच्या हॉलातून उठून गेलेल्या लोकांना जे परदेशी खूळ वाटलं, ते पिंगुळीच्या देवळात आजीनं जमिनीवर बसून पाहिलेलं होतं. कौल ते तिथून शिकला असं मी म्हणत नाही. पहिला सिनेमा आठ वर्षं आधीचा. पण आपल्यासारखं काम करणारी माणसं त्याला कुडाळात सापडली, न्यूयॉर्कात नव्हे, याचं मला अप्रूप वाटतं. २०२१ साली पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा आमच्याकडे अनेकांना ही कला आपल्या इतक्या जवळ आहे हे प्रथम कळलं.

त्यानंतरचा हिशेब भरभर झाला. ‘सतह से उठता आदमी’ (१९८०) मध्यप्रदेश कला परिषदेच्या पाठबळावर. तो गजानन माधव मुक्तिबोधांच्या लिखाणावर आहे, आणि मुक्तिबोधांचं घर म्हणजे आपल्यासारख्यांचंच. ग्वाल्हेर संस्थानातलं मराठी कुटुंब. थोरला भाऊ हिंदीतला मोठा कवी झाला, धाकटा शरच्चंद्र मराठीतला. एकाच ताटात जेवून दोघे दोन भाषांत लिहायला बसले. हा सिनेमा कान महोत्सवात दाखवला गेला. मुंबईत बाहेरून येणारा माल आणि माणसं यांवरचा ‘अरायव्हल’ आणि ठुमरीगायिका सिद्धेश्वरीदेवींवरचा ‘सिद्धेश्वरी’ (१९८९) हे फिल्म्स डिव्हिजनचे. दोस्तोयव्हस्कीचा ‘इडियट’ दूरदर्शनसाठी, चार भागांत. त्यात तरुण शाहरुख खान आहे, हे सांगितल्यावर वहिनीही स्वयंपाकघरातून बाहेर आल्या. १९९४ चा ‘द क्लाउड डोअर’ एका जर्मन निर्मातीसाठी. विनोदकुमार शुक्लांच्या कादंबरीवरचा ‘नौकर की कमीज’ १९९९ चा. पुढे काही वर्षं तो नेदरलँड्समध्ये राहिला, शिकवलं. परत येऊन दिल्लीत एका कलासंस्थेचं सिनेमाचं काम पाहिलं. ६ जुलै २०११ ला गेला. वय ६६.

भावानं वही उलटीसुलटी केली. “म्हणजे एका दारात दुसऱ्यांदा क्वचितच कोण उभं केलंय,” तो म्हणाला. “आणि स्वतःची जमीन विकल्याचं कुठं दिसत नाही.”

हे दुसरं वाक्य माझ्या लक्षात कधी आलं नव्हतं. पुतणीच्या तर मुळीच नाही.

एक गोष्ट वहीत बसत नव्हती. कौल झिया मोहिउद्दीन डागरांकडे धृपद शिकला, नुसता हौसेपुरता नव्हे, पुढे स्वतः शिकवण्याइतका. डागरांचं गुरुकुल पनवेलजवळ पळस्प्याला होतं. १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला त्यानं ‘धृपद’ ही फिल्म केली, त्यात ग्वाल्हेरचा किल्ला आहे, जयपूरचं जंतरमंतर आहे, आणि शेवटी मुंबईच्या छपरांवरून रेंगाळत जाणारं एक लांबलचक दृश्य. आलापीत गायक पुढचा सूर आधी ठरवून ठेवत नाही, तर शोधत जातो, हे त्यानं सिनेमात आणायचं ठरवलं. त्यासाठी उत्तरकाळात तो कॅमेरामनला कॅमेऱ्याच्या खिडकीतून पाहू देत नसे. चौकट आधी जुळवून घेतली की माणूस फक्त जुळलेलंच पाहतो, असं त्याचं म्हणणं. याला वेडेपणा म्हणणारे खूप होते. ‘नजर’ पाहताना मीही दोनदा घड्याळ पाहिलं. सत्यजित राय यांच्यासारख्या थोर माणसानं १९७१ मध्ये आणि पुन्हा १९७४ मध्ये लेख लिहून या नव्या मंडळींना धारेवर धरलं. माणसं कुठे आहेत यांच्या सिनेमात, हा त्यांच्या टीकेचा रोख मला पूर्ण खोटा वाटत नाही. पण रायना गोष्ट सांगायची होती आणि कौलला वेळ दाखवायचा होता. सुतारानं कुंभाराच्या चाकाला काटकोन नाही म्हणून नावं ठेवण्यातला प्रकार.

जमीन विकली गेली नाही. भावानं मुदत ठेवीतली एक रक्कम मोडून दिली, कर्ज म्हणून, चिठ्ठी लिहून घेऊन, बिनव्याजी. पुतणीनं कंपनीतल्या पगारातून साठवलेलं त्यात घातलं आणि हुबळीला आईच्या आईकडे अकरा दिवस चित्रीकरण केलं. या आजी कन्नड. आमच्या वहिनी माहेरी कन्नड, सासरी मराठी. पुतणी दोन्हींत वाढली. आजी नातीशी मराठी बोलतात, देवाशी कन्नड, आणि भाकऱ्या मोजताना ‘वंदू, येरडू’ करत तिसरीनंतर नकळत ‘चार, पाच’वर येतात. पुतणीला हेच टिपायचं होतं. दोन दुपारी तिनं कॅमेरा मोरीच्या कट्ट्यावर ठेवून खिडकीत न बघता चालू ठेवला. त्यातल्या एका दुपारचं सगळं वाया गेलं, दुसऱ्या दुपारी आजींनी तव्यावरून हात काढून पदराला पुसला आणि दाराकडे पाहिलं, ते चार मिनिटांचं दृश्य सिनेमात आहे. त्यांचा मोठा मुलगा तीस वर्षांपूर्वी त्या दारातून गेला तो परतला नाही. सिनेमात हे कुणी सांगत नाही.

फिल्म पंचेचाळीस मिनिटांची झाली आहे. आता अडलंय ते भाषेच्या रकान्यात. कर्नाटक सरकार कन्नड सिनेमाला अनुदान देतं, महाराष्ट्र सरकार मराठी सिनेमाला. आजींच्या बोलण्यात कुठली भाषा किती, हे मिनिटांत मोजून द्या, असं एका कार्यालयातून तिला सांगण्यात आलं. मोजायला तिचे बाबाच बसले, तीच लांब वही घेऊन, एका बाजूला कन्नड, दुसऱ्या बाजूला मराठी. मध्ये तिसरा रकाना त्यांना आखावा लागला, नुसत्या हातांचा, भांड्यांच्या आवाजाचा आणि गप्प बसण्याचा. बेरीज केली तर तोच सर्वांत मोठा निघाला. अर्जात तो कुठे भरायचा, हे विचारायला पुतणी सोमवारी बेंगळुरूला गेली आहे.